दगडावरचा घास

तिसरा फोन आला तेव्हा मी फुगे फुगवत होते. आधीच्या दोन फोनांच्या वेळी तोंडातला फुगा सुटून स्वयंपाकघरभर भिरभिरला होता, म्हणून या खेपेला फुग्याचं तोंड चिमटीत धरूनच रिसीव्हर उचलला.

"मिसेस जगदाळे, मला इतकं वाईट वाटतंय," पलीकडून मिसेस गॉस बोलत होत्या. गावचं पोस्ट आणि त्याला चिकटलेलं किराण्याचं दुकान त्यांचं. "आमच्या टिमोथीला जरा सर्दी झालीय. चारूला शुभेच्छा सांगा हं. सॉरी. खरंच सॉरी."

"असू दे हो. सर्दी काय, होतेच," मी म्हणाले.

टिमोथीला मी तासाभरापूर्वीच आमच्या खिडकीखालून सायकलवर शिट्टी मारत जाताना पाहिलं होतं. पण असं तोंडावर बोलायची त्या गावात रीत नव्हती, आणि तीन वर्षांत मीही गावाची रीत बऱ्यापैकी उचलली होती.

दुपारपर्यंत चारूच्या अख्ख्या वर्गाला सर्दी झाली. काहींच्या आयांनी फोन केले, काहींनी दाराच्या फटीतून भेटवस्तू सरकवली आणि घंटा न वाजवताच गेल्या. आम्ही मात्र टेबल मांडलेलं. सँडविचेस, जेली, आणि मधोमध परातभर चिरोटे. ते माझ्या सासूबाईंनी दोन दिवस खपून केलेले. सासूबाईंना मी आत्याबाई म्हणायचे. मे महिन्यात त्या मसूर गावाहून सहा महिन्यांसाठी आल्या होत्या. नातीच्या सातव्या वाढदिवसाला इरकल नेसून, नथ घालून, टेबलाच्या टोकाला देवघरातल्या गौरीसारख्या बसून राहिल्या होत्या.

"कुटं हाईत गं पोरं?" त्यांनी विचारलं.

सगळ्यांना एकदम सर्दी झाली, हे मराठीत सांगायला लागले आणि माझ्याच कानाला ते खोटं वाटलं. "शाळेत कांजिण्यांची साथ आलीय," मी म्हणाले. "आत्ताच कळलं."

चारूने माझ्याकडे पाहिलं. तिच्या शाळेत कुणालाही कांजिण्या नव्हत्या. तिने चिरोटा उचलला, त्याचा पदर न् पदर सोडवून खाल्ला, आणि आजी पलीकडे गेल्यावर हळूच विचारलं, "आई, मी काही केलं का गं?"

चार वाजता मी खुर्च्या उचलून ठेवल्या.

कारण कळलं बुधवारी. आमचे डॉक्टर, म्हणजे माझे यजमान, दवाखान्यातून आले ते कोट न काढताच खुर्चीत बसले.

"मिसेस गॉसनी टिमोथीला छाती तपासायला आणला होता. म्हणाल्या, सध्याची परिस्थिती पाहता बरं."

"कसली परिस्थिती?"

"आईला टीबी आहे, असं गावात सगळ्यांना ठाऊक आहे." डॉक्टर हसल्यासारखे झाले. "मला सोडून. मी नुसता डॉक्टर."

"मग तुम्ही काय म्हणालात?"

"खरं ते. दमा आहे. गवत फुलावर आलं की उसळतो. तुमच्या निम्म्या गावालाही होतो, फक्त तुम्ही त्याला 'हे फीव्हर', गवताचा ताप म्हणता. बाई बिटासारखी लाल झाली." मग आतल्या खोलीकडे बघत आवाज खाली आणला. "आईला यातलं काही कळता कामा नये, प्रमिला. आपल्यामुळे पोरीच्या वाढदिवसाला कुणी आलं नाही, हे कळलं तर ती उद्याचं विमान मागेल. आणि पुन्हा येणार नाही."

"नाही कळणार," मी म्हणाले. "त्यांना इंग्रजी कुठे येतंय."

यापुढच्या गोष्टीसाठी ते गाव जरा समजून घ्यायला हवं. त्याचं नाव लिटल वेनबी, म्हणजे धाकटं वेनबी. तीस-पस्तीस घरं, बुटक्या मनोऱ्याचं चर्च, एक शाळा, एक पब. थोरलं वेनबी कुठे, असं मी पहिल्याच वर्षी विचारलं तेव्हा मिसेस गॉसनी टेकडीकडे बोट दाखवलं. तिथे मेंढ्या चरत होत्या. आणि मग त्या लगेच बटाट्यांच्या भावाबद्दल बोलू लागल्या.

माणसं वाईट नव्हती. तुमचा पाय त्यांच्या पायावर पडला तर तेच सॉरी म्हणायचे. दारातून आधी जायचे तरी सॉरी, नंतर जायचे तरी सॉरी. सकाळपासून संध्याकाळपर्यंत त्या गावात इतकं सॉरी सांडायचं, की खरं म्हणायची वेळ आली तेव्हा कुणापाशी उरलंच नव्हतं. टीबी नाही, दमा आहे, ही बातमी बुधवारी संध्याकाळीच घरोघर पोचली असणार. गुरुवारी सकाळी आमच्या पायरीवर गूजबेरीच्या मुरंब्याची बरणी होती. शुक्रवारी श्रावणघेवड्याची जुडी. मग अंडी, मग काळजीपूर्वक पुसलेले मांडीएवढे जाड दुधी. कुणी ठेवलं, का ठेवलं, काही नाही. रस्त्यात भेटले की हवेबद्दल बोलायचे आणि माझ्या खांद्यावरून पलीकडे बघायचे.

"लई माया हाय बाई ह्या गावाला," आत्याबाई दुधी चिरताना म्हणायच्या. मी हूं म्हणायचे. दीड महिना आम्ही त्या गावाची लाज उकडून, परतून, भरून खाल्ली.

ऑगस्टमध्ये गावाचा शो असायचा. मोठ्या तंबूत टेबलं लावून कुणाचा कांदा, कुणाचं गाजर, कुणाचे गुलाब, कुणाचा केक. केकचा चांदीचा कप माणसांच्या आठवणीत एकाच घरी जात आला होता. आमच्या शेजारच्या मिस टॅपलिन. सत्तरीच्या, अविवाहित, वाळक्या शेंगेसारख्या ताठ. आमचं आणि त्यांचं जोडघर. मधली भिंत दोघींची. मला केक शिकवला तोही त्यांनीच, पहिल्या हिवाळ्यात, कुंपणावरून. "पुस्तकं फेकून द्या, मिसेस जगदाळे. अंडी तोला. जेवढी अंडी भरतील तेवढं लोणी, तेवढी साखर, तेवढा मैदा. मधे रासबेरीचा जॅम, वरून बारीक साखर. बस." माझं शिक्षण दहावीला संपलं, पुढचं सगळं असंच, कुणाच्या ना कुणाच्या कुंपणावरून. पण त्या कधी आमच्या घरात आल्या नव्हत्या, मी त्यांच्या घरात गेले नव्हते.

त्या वर्षी त्यांचे हात थरथरायला लागले होते. हा त्यांचा शेवटचा केक, असं गावात बोलत होते.

शोच्या आदल्या दिवशी मीही केक केला. आत्याबाई बाजूला बसून ओट्यावरचे डबे पुसून, भरून ठेवत होत्या. रिकाम्या हाताने बसणं त्यांना ठाऊक नव्हतं.

"कप मिळाला तर काय करत्यात त्याचं?" त्यांनी विचारलं.

"वर्षभर घरात ठेवायचा. आणि त्या दिवशी आपल्या केकचा तुकडा घेऊन टेकडीवर जायचं, सगळ्या गावाच्या पुढे. तिथे एक दगड आहे. अर्धा घास आपण खायचा, अर्धा दगडावर ठेवायचा. परत खालच्या फाटकापर्यंत कुणी चकार शब्द काढायचा नाही."

"म्हसोबा हाय का त्यो?"

"नाही हो. तिथे थोरलं वेनबी होतं. सहाशे-साडेसहाशे वर्षांपूर्वी तिथे प्लेग आला. यांनी, म्हणजे या धाकट्यांनी, वाटेवर साखळी लावली. तिकडच्यांनी खाली यायचं नाही. पहिल्यांदा दगडावर भाकरी ठेवायचे त्यांच्यासाठी. मग भाकरी घ्यायला येणारे दगडाला हात लावतात म्हणून तेही बंद केलं. वसंतात बघतात तर वर कुणीच नाही." हे मी चर्चमधल्या एका झिजलेल्या पाटीवरून आणि फिरत्या वाचनालयाच्या पुस्तकांतून जमवलं होतं. गावातल्या माणसाने मला कधी सांगितलं नाही.

आत्याबाईंचा हात डब्यावर थांबला.

"आमच्यात प्लेग आला की गाव उटून रानात खोपटात जायचं. मी ल्हान हुते. मजा वाटायची."

"तुमच्याकडे वाट नाही ना अडवली कुणी?"

"अडवली की. आमच्याच बापानं. खालच्या आळीतली मान्सं आमच्या इहिरीवर पानी मागाया आली तवा काट्याकुट्याची फांजर टाकली आडवी."

"मग?"

"मग काय. मान्सं असत्यात तशी." त्यांनी डब्याचं झाकण लावलं. "आमी दगडावर केक न्हाई ठेवला, येवडंच."

दुसऱ्या दिवशी बारा वाजता तंबू उघडला. परीक्षक दुसऱ्या गावच्या असायच्या, म्हणजे भांडण नको. त्या सकाळी सगळं चाखून, कार्डं मांडून चहाला जायच्या. मी केकच्या टेबलापाशी गेले. माझ्या केकपुढे लाल कार्ड होतं. पहिला नंबर. मिस टॅपलिन यांच्या केकपुढे निळं, दुसरं.

मी दोनदा वाचलं. माझ्या मागे गर्दी झाली. कुणीतरी म्हणालं, "वा, मिसेस जगदाळे," आणि मग टाळ्या. जरा जास्तच टाळ्या. पबवाला वाजवत होता, शाळेच्या बाई वाजवत होत्या, चारूच्या वर्गातल्या सगळ्या आया वाजवत होत्या, आणि दोन महिन्यांत पहिल्यांदाच माझ्या तोंडाकडे बघत होत्या. मिसेस गॉस शोच्या अध्यक्ष. त्यांनी कप दिला तेव्हा त्यांचे डोळे भरले होते. परीक्षक बाई तंबूच्या कोपऱ्यात पाण्याचा ग्लास घेऊन उभ्या होत्या. त्यांनी एकदा कार्डाकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे, भुवया वर नेल्या, आणि त्याही टाळ्या वाजवू लागल्या. त्या कपावर माझं नाव कोरलंय, अजून आहे.

आत्याबाईंना कळलं तेवढं त्यांना पुरलं. भर तंबूत त्यांनी माझ्यावरून बोटं मोडली.

मग आम्ही टेकडीवर गेलो. पुढे मी, हातात बशी, बशीत माझ्या केकची फोड. मागे सगळं गाव. गवत कापून झालं होतं, धूळ होती. वर पोचल्यावर उंचवटे दिसले, जिथे घरं होती तिथे. मधे तो गुडघ्याएवढा दगड, माथ्यावर उथळ खळगा. सगळे गोल उभे राहिले, टोप्या काढल्या, नजरा बुटांवर.

मी फोड मोडली आणि अर्धी तोंडात घातली.

मीठ होतं.

केक गोडच होता. वरची बारीक साखर साखर नव्हती. चांगलं चमचाभर मीठ मी प्रेमाने, गाळणीतून, एकसारखं भुरभुरलं होतं. आमच्याकडचं मीठ खड्यांचं आणि साखर दाणेदार. इकडचं दोन्ही पिठासारखं, आणि डब्यांवरची अक्षरं आत्याबाईंना वाचता येत नव्हती. हे सगळं मला एका क्षणात कळलं. आणि दुसऱ्या क्षणात कळलं, की हा केक कुणीतरी चाखून त्याला पहिला नंबर दिलाय.

बोलायचं नव्हतं. थुंकायचं तर नव्हतंच. सगळं गाव खाली बघत होतं आणि मी चावत होते. डोळ्यांत पाणी आलं. जवळ उभ्या असलेल्या एका आईने चोरून वर पाहिलं आणि ती स्वतःच रडायला लागली. तिला वाटलं असणार मी भारावलेय. मी गिळलं. उरलेला घास दगडावर ठेवला. मान वर केली तर एकच माणूस माझ्याकडे बघत होतं. मिस टॅपलिन. सरळ, पापणी न हलवता.

उतरताना ते मीठ घशात होतं आणि डोकं चालू झालं होतं. हा कप केकचा नव्हे. हा जूनमधल्या त्या वाढदिवसाचा. पायरीवर दुधी ठेवून भागेना, म्हणून हा. आणि तोही कुणाच्या घरून काढून? जिचं शेवटचं वर्ष होतं तिच्या. सबंध गावाने मला भीक घातली होती, दुसऱ्याच्या ताटातली, आणि मी ती दोन्ही हातांनी घेऊन वर तोंड भरून खाल्ली होती. कान इतके तापले होते की फाटक ओलांडल्यावर कोण काय म्हणालं ते मला ऐकूच आलं नाही.

आत्याबाई आणि चारूला घरी सोडलं आणि कप घेऊन तशीच शेजारी गेले.

मिस टॅपलिननी दार उघडलं. टोपी अजून डोक्यावर होती.

"हा तुमचा आहे," मी म्हणाले.

"नाही, मिसेस जगदाळे."

"माझ्या केकवर मीठ होतं."

"काय होतं?"

"मीठ. वरची साखर. ती साखर नव्हती."

त्या मागे सरून भिंतीलगतच्या खुर्चीत बसल्या. तोंडावर हात घेतला. खांदे हलायला लागले तेव्हा कळलं, हसताहेत. "अरे देवा. म्हणून ती बिचारी बाई सारखी पाणी मागत होती." मग हसू एकदम थांबलं. "आणि तुम्ही वर जाऊन ते खाल्लंत. सगळ्यांसमोर."

"म्हणजे तुम्हाला ठाऊक नव्हतं?"

"मी कुठे चाखला? मी फक्त कार्डं बदलली. माझं लाल तुमच्यापुढे ठेवलं, आणि ज्या केकपुढे निळं होतं त्याचं माझ्यापुढे." त्या हातमोजा काढू लागल्या, बोटं थरथरत होती, निघेना. "तंबू उघडायच्या आधी फुलांना पाणी घालायला मी एकटीच आत असते. कितीतरी वर्षं. माझ्यावर कोण संशय घेणार?"

"पण का? मला वाटलं गावाने..."

"गाव." त्यांनी तो शब्द चवीला वाईट असावा तसा म्हटला. "गावाने काही केलं नाही. गाव कधीच काही करत नाही. ते मी केलं. दोन्ही वेळेला."

मला कळेना. मी उभीच होते. त्यांनी बसा म्हटलं नाही, तेही त्यांच्या लक्षात नव्हतं.

"मला एक बहीण होती. विनी. ती वरच्या खोलीत खोकायची. त्या हिवाळ्यात मी बारा वर्षांची होते. तो आवाज माणूस विसरत नाही. मे महिन्यात तुमच्या सासूबाई आल्या, आणि या भिंतीतून..." त्यांनी भिंतीवर तळवा ठेवला. "मी पोस्टात गेले होते. मिसेस गॉसना मी एवढंच म्हणाले, की डॉक्टरांच्या आई रात्रभर खोकतात हो, आमच्या विनीसारख्या. विनीला काय झालं होतं हे इथे सगळ्यांना ठाऊक आहे. जाऊ नका असं मी म्हणाले नाही. कुणीच कुणाला म्हणालं नसेल."

"आणि मग?"

"वाढदिवसाच्या दुपारी मी इथे कान लावून बसले होते. एक तरी मूल येईल, आवाज येईल, म्हणून. तुम्ही खुर्च्या उचलल्यात तो आवाज आला."

मला राग यायला हवा होता. मी येताना तो घेऊनच आले होते. पण म्हातारीचा तो अडकलेला हातमोजा बघत राहिले आणि मला नुसती लाज वाटत राहिली. कुणाची, ते कळेना. त्यांची, गावाची, माझी, सगळी एकात मिसळलेली.

"झालं गेलं," मी म्हणाले. "कप घ्या. सॉरी म्हणायचं असेल तर मला म्हणा आणि विसरून जा."

"तुम्हाला नाही." त्या उठल्या. "त्यांना. तुमच्या सासूबाईंना म्हणायचंय मला. इथे दगडावर ठेवतात, दारात ठेवतात. मला तोंडाने म्हणायचंय."

"नको." मी दार अडवलं म्हणा ना. "त्यांना ठाऊक नाही. पोरं आपल्यामुळे आली नाहीत हे त्यांना कळलं तर त्या निघून जातील, मिस टॅपलिन. पुन्हा कधी येणार नाहीत. कांजिण्या होत्या असं मी सांगितलंय."

त्यांनी माझ्याकडे जरा वेळ पाहिलं. मग म्हणाल्या, "म्हणजे तुम्हीपण आता इथल्याच झालात." आणि माझ्या बाजूने निघून, काठी टेकत, आमच्या मागच्या दाराकडे चालू लागल्या.

आत्याबाई टेबलाशी बसून घेवड्याच्या शिरा काढत होत्या. तोही कुणीतरी पायरीवर ठेवलेलाच. मिस टॅपलिन त्यांच्यासमोर उभ्या राहिल्या. टोपी काढली. आणि बोलायला लागल्या. सगळं बोलल्या. विनी, पोस्ट, मिसेस गॉस, भिंत, खुर्च्या. आवाज दोनदा तुटला. सांगून झाल्यावर माझ्याकडे वळल्या आणि थांबल्या. मी सांगायचं होतं.

"म्हणतात, केक फार छान झाला होता," मी मराठीत म्हणाले.

आत्याबाईंनी एका शेंगेची शीर काढली.

"येवडं मोटं बोलली ती. तू येवडंच सांगितलंस."

"इंग्रजीत लांबण असते, आत्याबाई."

"आन केक ग्वाड लागला म्हून रडत्यात व्हय?"

त्यांनी शेंग खाली ठेवली.

"मला विंग्रजी येत न्हाई, प्रमिला. पन मान्साचं मागं सरकनं कळतंय. त्या दुकानवालीनं माजं पैसं हातात घेतलं न्हाईत. टेबलावर ठिवा म्हनून बोटानं दावलं. कांजिन्या म्हनं. समद्या गावाच्या पोरांना एकाच दुपारी."

"तुम्हाला... कधीपासून?"

"मी मागं परसात जाते न्हवं, दिसातनं चार येळा? तुला वाटतंय मी गुलाब बगाया जाते." त्या माझ्याकडे न बघता बोलत होत्या. "पदराचा बोळा तोंडात धरून खोकते. आयकू जाऊ नये म्हून."

"मग बोलला का नाहीत मला?"

"तू येवडं जिवापाड लपवत हुतीस. तुजा मान ठिवला."

माझ्या हातात अजून तो चांदीचा कप होता. तो कुठे ठेवू हे मला सुचेना.

"आता नीट सांग," आत्याबाई म्हणाल्या. "ती बोलली तसं. एक अक्षर खायाचं न्हाई."

मी सांगितलं. मिस टॅपलिन बोलल्या होत्या तसंच. "मी बोलले. माझ्या बोलण्यामुळे कुणी आलं नाही. मला माहीत होतं आणि मी गप्प बसले. मला माफ करा." आत्याबाई हे ऐकताना मिस टॅपलिनकडे बघत नव्हत्या, माझ्याकडे बघत होत्या, आणि मी, दोन महिने लपवण्यात चांगली सराईत झालेली बाई, शेवटच्या वाक्यापाशी माझा आवाज फुटला.

मग आत्याबाईंनी विचारलं, "तिला इचार, भनीजवळ कोन बसायचं?"

मी विचारलं.

"कुणी नाही," मिस टॅपलिन म्हणाल्या. "डॉक्टरांनी मनाई केली होती. आई दाराशी ताट ठेवायची. मी जिन्यात बसायचे, खोकला थांबेपर्यंत. दार उघडायची परवानगी नव्हती."

मी सांगितलं. आत्याबाईंनी शेजारच्या खुर्चीतली घेवड्याची टोपली उचलून टेबलावर ठेवली.

"बस म्हनावं."

मिस टॅपलिन बसल्या. जोडघराच्या या बाजूला पहिल्यांदा. टोपलीतून त्यांनी एक शेंग घेतली आणि थरथरत्या बोटांनी शीर ओढायला लागल्या. आत्याबाई त्यांना हळू, खालून ओढ, असं हातानेच दाखवत होत्या. मी चहाचं पाणी ठेवायला वळले.

थोड्या वेळाने आत्याबाईंना उबळ आली. टेकडीवरची धूळ. त्यांनी पदर तोंडाशी नेला आणि सवयीने मागच्या दाराकडे जायला उठल्या. मिस टॅपलिननी त्यांचं मनगट धरलं आणि त्यांना परत खुर्चीत बसवलं.

खोकला पुष्कळ वेळ चालला. सगळा मोठ्याने. मिस टॅपलिन हात न सोडता शेजारी बसून होत्या. मी ओट्याशी पाठ करून उभी होते. पाणी केव्हाच उकळलं होतं, पण वळून त्या दोघींकडे बघायला मला तोंड नव्हतं.